चवीपुरतं मीठ

विहीणबाईंनी बशीतला टोस्ट उचलला, मागचं दार उघडलं आणि तुकडे करून समुद्रपक्ष्यांना टाकला. पक्ष्यांनी असा काही गलका केला, की माझी हरिपाठाची ओळच चुकली.

मी काही मुद्दाम पाहत नव्हते. त्यांच्या स्वयंपाकघराच्या खिडकीत मी माझा पितळेचा बाळकृष्ण बसवला होता आणि त्याच खिडकीतून मागचं अंगण दिसायचं. आदल्या दुपारचं त्यांचं सूप सिंकमध्ये ओतल्याचा आवाजही मी ऐकला होता. त्याच्या आधीचं सँडविच तसंच्या तसं कचऱ्याच्या डब्यात होतं.

"विहीणबाई, यू ईट?" त्या आत आल्यावर मी विचारलं.

"खाल्लं की," त्या म्हणाल्या आणि रिकामी बशी मला दाखवली.

माझं इंग्रजी बँकेत आणि एसटी स्टँडवर भागण्यापुरतं. त्यांचं इंग्रजी तिकडच्या बंदरावरचं, अर्धे शब्द घशातच ठेवणारं. म्हणून त्या जे बोलल्या ते मला उमगलं तसं मराठीतच सांगते. त्यांच्या भाषेत तू आणि तुम्ही एकच असतं, असं मुक्ता मला सांगायची. पण त्या बोलल्या की मला आपलं 'तुम्ही'च ऐकू यायचं. विहिणीला विहीण आणखी काय म्हणणार?

मुक्ता माझी एकुलती एक लेक. फलटणच्या आमच्या शिंपी आळीतून शिकायला म्हणून स्कॉटलंडला गेली आणि तिथल्याच एका बंदरगावात बोटी दुरुस्त करणाऱ्या इवनशी लग्न करून राहिली. लग्न कचेरीत झालं. ना मांडव, ना पंगत. विहीणबाईंचं नाव जीन. त्यांना 'द्वारका' म्हणता येईना, त्या मला 'डॉर्कस' म्हणायच्या. तसं नाव त्यांच्या चर्चच्या पोथीत आहे म्हणे.

मी पहिल्यांदाच लेकीकडे गेले ती शनिवारी. सोमवारी सकाळी बंदरात बोट ओढायचा लोखंडी दोर तुटला आणि इवनरावांच्या डोक्याला लागला.

तेव्हापासून ते शहरातल्या दवाखान्यात होते. डोळे मिटलेले, श्वास यंत्रावर. मुक्ता त्यांच्या उशाशी. विहीणबाई पहिला दिवस तिथं होत्या, पण उभ्या उभ्या भोवळ आली म्हणून मुक्तानं त्यांना घरी धाडलं. मला फोनवर म्हणाली, "आई, दोघी एकमेकींना सांभाळा."

सांभाळणार कशा? बोलायला भाषा नाही. आणि माझ्या मनात एकच खुपत होतं. मी शनिवारी उंबरा ओलांडला आणि सोमवारी हे झालं. आमच्याकडं याला पायगुण म्हणतात. कुणी तोंडावर बोलत नाही, पण बोलायची गरजही नसते.

म्हणून सोमवारी संध्याकाळीच मी बाळकृष्णापुढं हातावर पाणी घेऊन संकल्प सोडला होता. इवनराव डोळे उघडेपर्यंत अन्नाला शिवणार नाही, दूध-पाण्यावर राहीन. उपासाची मला सवय. सोमवार, एकादशी, चातुर्मास, जन्म त्यातच गेला. विहीणबाई ताट वाढायला लागल्या तेव्हा मी हात आडवा धरून त्यांना समजावलं होतं, "नो फूड. ओन्ली मिल्क. इवन आइज ओपन, देन फूड. प्रॉमिस टू गॉड." त्या नुसत्याच बघत राहिल्या. त्यांना खरं वाटावं म्हणून आमच्या आळीतली पोरं शपथेला गळ्याची कातडी चिमटीत धरून जे म्हणतात, तेही मी म्हटलं, "मदर प्रॉमिस."

त्या एकदम गंभीर झाल्या. "मदर प्रॉमिस," त्या हळूच म्हणाल्या, आणि मान हलवली.

त्या रात्रीपासूनच त्यांचं ताट परत जायला लागलं.

मला वाटलं, रुसवा. आमच्याकडं वरमाय रुसते. तिच्या पायाखाली पायघड्या घालाव्या लागतात, हाताला धरून पानावर आणून बसवावं लागतं, तेव्हा कुठं ती पहिला घास घेते. इथं तर मुलाचं लग्न झालं तेव्हा विहिणीला कुणी पाणीही विचारलं नव्हतं. आणि आता विहीण घरी आली ती असला पायगुण घेऊन. कशी जेवतील?

तर ती टोस्टची बशी विसळून विहीणबाई वळल्या आणि बशी हातातून निसटली. फुटली नाही, पण फरशीवर थरथरत फिरत राहिली. मी वाकून उचलली, वर पाहिलं, तर त्यांचा हातही तसाच थरथरत होता. कपाळावर घामाचे मणी. बाहेर एवढा गार वारा, आणि बाईला घाम.

हे मला नवं नव्हतं. आमच्या ह्यांना साखरेचा आजार होता. गोळी घेऊन जेवायला उशीर झाला की असंच व्हायचं. खिडकीत विहीणबाईंच्या गोळ्यांचा डबा होता, सकाळचा खण रिकामा. गोळी घेतली होती, आणि पोटात काही नाही.

"बसा. सिट, सिट!" मी त्यांना खुर्चीत बसवलं, दूध कोमट केलं, त्यात मुठीनं साखर घातली. त्यांनी पेल्याकडं पाहिलं.

"हे दूधच आहे ना?"

"मिल्क. शुगर मिल्क."

"दूध चालतं," त्या स्वतःशीच म्हणाल्या आणि एका दमात प्यायल्या. मी बिस्किटाचा पुडा पुढं केला. तो मात्र त्यांनी बोटानं दूर सारला, लहान मूल सारतं तसा.

'चालतं' हा शब्द मला तेव्हाच ऐकू यायला हवा होता.

हाताची थरथर थांबली तशी मी बाहेरच्या खोलीत येऊन मुक्ताला फोन लावला.

"कसे आहेत?"

"तसेच." तिचा आवाज झिजून झिजून पातळ झाला होता. "डॉक्टर दुपारी बोलणार आहेत. तू जेवलीस का?"

"दूध घेतलं. मुक्ता, तुझ्या सासूबाई जेवत नाहीत गं. आत्ता हात कापायला लागले. साखरेचं दूध पाजलं म्हणून निभावलं. त्यांना आवडतं काय?"

"आई, आत्ता काय आवडीनिवडी..."

"सांग तर."

"इवन कामावरून भिजून आला ना, की त्या पास्ता करतात. क्रीममधला, स्मोक्ड हॅडॉक घालून. पंधरा मिनिटांत होतो. तोंडानं म्हणतात इवनसाठी, पण पातेलं त्याच निपटतात."

"हॅडॉक म्हणजे?"

"मासा, आई. धुरावर धरलेला."

"कसा करतात?"

"तू?" आणि मग एकदम हळू आवाजात, "आई, तुझ्या गळ्यात माळ आहे."

"माळ गळ्यात आहे, हातात नाही. सांग."

फोनवर मला तिचं हुंदका आवरणं ऐकू आलं, की हसणं, कोण जाणे. मग ती सांगू लागली. फ्रीजमध्ये खालच्या कप्प्यात कागदात गुंडाळलेला पिवळा मासा. दुधात तमालपत्र टाकून मंद आचेवर शिजवायचा, उकळू द्यायचं नाही. एकीकडं पास्ता. लोण्यावर लीक परतायचा. "लीक म्हणजे आपल्या कांद्याच्या पातीचा थोरला भाऊ समज." मग क्रीम, मटार, माशाचे पाकळ्यांसारखे तुकडे, त्याच दुधाचे दोन डाव, वरून मिरपूड आणि लिंबू.

"आणि मीठ?"

"चवीपुरतं गं. आई, डॉक्टर आले, ठेवते."

चवीपुरतं. आता मला चव बघायची माहिती असती तर ना! आमच्यात रांधताना चाखत नाहीत. आधी देवाला, मग माणसांना. जन्मभर मी मीठ हातानं घातलं, जिभेनं नाही. चिमटीला कळतं, वरणाला किती आणि भाजीला किती. सासूबाई म्हणायच्या, द्वारकेच्या चिमटीला जीभ आहे. पण त्या चिमटीला मासा कुठं ठाऊक होता?

मी बाळकृष्णापुढं स्वच्छ रुमालाचा पडदा धरला, दोन वाट्या मध्ये टेकवून उभा केला. "थोडा वेळ बाहेर बघ रे बाबा," म्हटलं. माळ पदराखाली घेतली आणि कागद उलगडला.

मासा हळदीच्या पाण्यातून काढल्यासारखा पिवळा होता. वास मात्र धुराचा. होम विझल्यावर मांडवात रेंगाळतो तसा. असं मनात आल्याबद्दल मी गालात मारून घेतली. पण खरं सांगते, माशाची मला जी शिसारी यायला हवी होती, ती त्या धुरानं येऊ दिली नाही. दुधात सोडल्यावर तो हळूहळू पांढरा होत उलत गेला. मी पास्त्याच्या पाण्यात मीठ घातलं. माशाच्या दुधात घातलं. लीक परतताना त्याला घातलं, क्रीम ओतल्यावर क्रीमला घातलं. प्रत्येक पदार्थाला त्याचं त्याचं मीठ, हीच माझी रीत. धुरावर धरण्याआधी मासा मिठात मुरवतात, हे मला कुणी सांगितलं नव्हतं आणि मुक्ताच्या ते तेव्हा डोक्यात येणं शक्य नव्हतं.

कढई लहान पडली. निम्मा पास्ता चाळणीतच ठेवला, तो कोरडा पडू नये म्हणून त्याला लोणी चोळलं.

विहीणबाई खुर्चीत बसून सगळं पाहत होत्या. मध्येच म्हणाल्या, "डॉर्कस, तुम्ही माशाला हात लावता?"

"टुडे," मी म्हटलं. "टुडे ओन्ली."

ताट मांडलं. त्यांच्या डब्यात गव्हाचं पीठ होतं, त्याची ताटाभोवती महिरप काढली. रांगोळी नाही तर नाही. पेल्यात पाणी. मग त्यांच्या हाताला धरून मी त्यांना टेबलाशी आणलं. त्या गोंधळून ते पीठ पाहत होत्या.

"हे काय?"

"विहिणीची पंगत. मुक्ता मॅरेज, नो पंगत. सो टुडे. तुम्ही वरमाय. रागावू नका. नो अँग्री. ईट."

"मी कशाला रागावू?" त्या म्हणाल्या. त्यांचे डोळे वाफेवर खिळले होते. भूक माणसाच्या नाकपुड्यांत दिसते, ती मला दिसली. त्यांनी काटाही उचलला. मग माझ्या रिकाम्या हातांकडं पाहिलं.

"आणि तुम्ही?"

"मी नाही. प्रॉमिस."

त्यांनी काटा परत ठेवला. "मग मलाही भूक नाही."

रुसवा. शेवटचा रुसवा असाच असतो, अगदी पानावर बसल्यावरचा. त्याला एकच उपाय. मी काटा घेतला, पास्त्याचे दोन शंख आणि माशाची एक पाकळी टोचली, आणि आमच्याकडं भरवतात तसा, एक हात हनुवटीखाली धरून घास त्यांच्या ओठांशी नेला. "इवनरावांच्या नावानं," मी म्हटलं. मुलाचं नाव ऐकून त्यांचे ओठ काहीतरी बोलायला उघडले आणि मी घास आत सारला.

त्यांचे डोळे विस्फारले. त्यांनी तोंडावर हात दाबून धरला. चावेनात, थुंकवेना. मग तो घास गिळला गेला आणि डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं. मला वाटलं, रुसवा विरघळला.

"मोडलंत," त्या म्हणाल्या. "तुम्ही माझ्याकडून मोडून घेतलंत."

"व्हॉट?"

"मी पाळत होते ना! पहिल्या रात्रीपासून. फक्त दूध." त्या उभ्या राहायला गेल्या आणि पुन्हा बसल्या. "तुम्हीच सांगितलंत. मदर प्रॉमिस. आईनं देवाला वचन द्यायचं, मुलानं डोळे उघडेपर्यंत दुधावर राहायचं. आई मी आहे, डॉर्कस. तुम्ही माझ्या मुलासाठी उपाशी राहायचं आणि मी त्याची आई, मी खायचं?"

मी काटा खाली ठेवला.

"मग टोस्ट? सूप?" मी हातानं खिडकीकडं दाखवलं. "यू टोल्ड, ईट."

"उपास करावा तो दाखवू नये, असं आमच्या पोथीत आहे."

दूध चालतं. दूर सारलेलं बिस्किट. 'मदर प्रॉमिस' म्हणताना हललेली ती मान. पायगुण वगैरे त्या बाईच्या गावीही नव्हतं. फलटणच्या पोरांची एक शपथ मी समुद्रापार नेली होती आणि तिनं ती खरी करून पाळली होती, साखरेच्या गोळ्या घेऊन, रिकाम्या पोटी.

"आता तो डोळे उघडणार नाही," त्या म्हणाल्या. हळू, अगदी सरळ आवाजात. "माझ्या तोंडानं मोडलं. त्याच्या आईच्या तोंडानं."

मी नेमधर्म करणारी बाई. व्रत मोडलं की काय होतं याच्या कहाण्या मी आयाबायांना वाचून दाखवल्या आहेत. जहाजं बुडतात, पुत्र जातात. त्या कहाण्यांवर मी कधी शंका घेतली नाही. आणि आता त्यातलीच एक कहाणी माझ्यासमोर टेबलाशी बसली होती आणि तिच्या हनुवटीवर क्रीम लागलं होतं.

देव असा नसतो, हे मला सांगता आलं असतं. पण तेवढं इंग्रजी मला येत नव्हतं. आणि तेवढी खात्रीही नव्हती.

मी डाव उचलला.

"नो," मी म्हटलं. "तुम्ही नाही. मी. फर्स्ट, मी." डाव कढईत बुडवून दाखवला, मग माझ्या तोंडाकडं नेऊन दाखवला. "कुकिंग टाइम, मी टेस्ट. सॉल्ट बघायला. प्रॉमिस मी दिलं, मी मोडलं. बिफोर यू. गॉड मला विचारील. तुम्हाला नाही."

त्यांनी माझ्या गळ्याकडं पाहिलं. पदर सरकून माळ बाहेर आली होती.

"हे गळ्यात असताना?"

"हो."

"मासा?"

"हो, विहीणबाई."

रुमालाच्या पलीकडं बाळकृष्ण होता. त्याला ऐकू गेलंच असणार.

त्यांनी माझं तोंड निरखलं. मग जिभेनं ओठ पुसले, ताटाकडं पाहिलं आणि सावकाश म्हणाल्या, "खारट आहे."

"व्हेरी?"

"समुद्राइतकं." आणि कुठून कोण जाणे, त्यांना हसू फुटलं. रडता रडताच. मलाही आवरेना. जावई मरणाच्या दारात आणि दोन म्हाताऱ्या कढईवर हसतायत, कुणी पाहिलं असतं तर काय म्हणालं असतं!

मी रुमाल काढला. हातावर पाणी घेऊन ताम्हनाऐवजी बशीत सोडलं, संकल्प त्याच्या पायाशी परत ठेवला. तोवर विहीणबाईंनी चाळणीतला थोडा पास्ता आपल्या कढईत ओतला, वर दूध घातलं, हलवलं. उरलेला, लोणी लावलेला, माझ्या बशीत वाढला, वर मटार टाकले आणि बशी पिठाच्या महिरपीत ढकलली.

"बस," त्या म्हणाल्या. "खा तू."

'तू' ऐकू आलं मला. पहिल्यांदा.

आम्ही जेवलो. तिनं ताट निपटलं, बोटानं कड पुसून घेतली.

भांडी विसळत होतो तेव्हा फोन आला.

"आई, दोघी जेवलात?"

"जेवलो."

"तूसुद्धा?"

"मीसुद्धा. तुझ्या सासूबाईंबरोबर."

"बरं झालं," मुक्ता म्हणाली. आणि मग तिला बोलता येईना. एका नर्सनं फोन घेतला, काहीतरी सांगितलं, मला एकच शब्द कळला, 'कम'. मी फोन जीनच्या कानाशी धरला. ती ऐकत राहिली, "येतो," म्हणाली, आणि ओल्या हातानंच कोट घातला.

शेजारच्या माणसानं गाडी काढली. वाटभर एका बाजूला समुद्र. जीननं माझा हात मांडीवर घेऊन धरला होता. मध्येच तिनं विचारलं, समोर बघतच, "तू आधी खाल्लं होतंस ना?"

"हो."

"माझ्या आधी?"

"आधी."

यंत्र काढायचं ठरलं होतं. इवनरावांच्या डोक्यात आता काही उरलं नव्हतं, सकाळपासूनच नव्हतं, असं डॉक्टर म्हणाले. मुक्तानं डोकं माझ्या पोटाशी खुपसलं. नर्सनं जीनला खुर्ची दिली, ती बसली नाही. दोन्ही पायांवर उभी राहून ती लेकाच्या कानाशी वाकली.

"इवन, ऐक. तुझ्या सासूनं माझा हॅडॉकचा पास्ता केला आज. माळ घालून. इतका खारट, की तू असतास तर पळून गेला असतास."

मी त्यांच्या पापण्यांकडं बघत होते. मला लाज वाटत नाही सांगायला, तेव्हाही बघत होते. हलल्या नाहीत.

सूर्य मावळायच्या आत ते गेले. जीन शेवटपर्यंत उभी होती. बाहेर व्हरांड्यात आल्यावर तिनं पुन्हा माझा दंड धरला आणि तेच विचारलं. मी पुन्हा तेच उत्तर दिलं.

फलटणला परतल्यावर बायका विचारायच्या, द्वारकावहिनी, इतकं कडक व्रत धरलंत, मग असं कसं झालं? मी म्हणायचे, मोडलं माझ्या हातून. त्या 'अरेरे' म्हणायच्या. काही जणी माझ्या हातचं हळदीकुंकू घेताना जराशा थबकायला लागल्या. मी नेम सोडले नाहीत. पण रोज नैवेद्य दाखवताना हात पडद्याशी आला की क्षणभर थांबायचा, आणि मी त्याला मनात म्हणायचे, मलाच विचारतोस ना? तिच्याकडं जाऊ नकोस.

काही वर्षांनी मुक्तानं मला पुन्हा बोलावून घेतलं. जीन काठी घेऊन चालायला लागली होती. मी गेले त्या दुपारी तिनं मला बसवलं, दोन कढया काढल्या. एका कढईत हॅडॉक, दुसरीत नुसता लीक आणि मटार. खिडकीत माझा बाळकृष्ण बसवायला तिनं जागा पुसून ठेवली होती. दर दोन मिनिटांनी ती चमच्यानं सॉस घ्यायची, फुंकायची, चाखायची. मला ते बघून कसंतरीच व्हायचं.

"डॉर्कस," पाठमोरीच म्हणाली, "तू तेव्हा चाखलं नव्हतंस."

मी मटाराचा एक दाणा टेबलावरून उचलला.

"चाखणारी बाई असलं खारट वाढत नाही. पहिल्या घासालाच कळलं होतं मला."

"मग," माझं इंग्रजी तोवर थोडं सुधारलं होतं, "मग तू गाडीत मला का विचारत होतीस? दवाखान्यात का विचारलंस?"

"तू हो म्हणावंस म्हणून."

शेगडीवर क्रीम फुटफुट करत होतं. तिनं आच कमी केली.

"तू ते उचललंस," ती म्हणाली. "माझ्यात तेव्हा उचलायची ताकद नव्हती. मी घेऊ दिलं तुला. इतकी वर्षं घेऊ दिलं." मग ती वळली. "आता जेवते मी नीट. हातही कापत नाही, बघ. आता निम्मं मला दे."

तिनं दुसऱ्या कढईतला चमचा भरला, त्यावर फुंकर घातली आणि एक हात खाली धरून तो माझ्या ओठांशी आणला, मी तिला भरवला होता तसाच. नैवेद्य अजून दाखवायचा होता. मी खिडकीकडं पाहिलं. पडदा केलेला नव्हता.

मी तोंड उघडलं. मीठ चवीपुरतं होतं.